वरच्या सुरांची जागा

दोमितिला पहाटे गेली, आणि उजाडेपर्यंत क्रिसांतोच्या डोक्यात एकच गोष्ट घोळत होती: वरचे सूर कोण वाजवणार? ऐकणाऱ्याला वाटेल, काय माणूस आहे, बायको खाटेवर गार पडलीय आणि याला वाजवण्याचं पडलंय. पण त्याला नावं ठेवण्याआधी एवढं ऐका, की ही इच्छा तिचीच होती. आजारपणात तिनं त्याला पुन्हापुन्हा बजावलं होतं, "मला मारिंबाशिवाय न्यायचं नाही. आणि वरचे सूर निकानोरच वाजवतील. चेपेचा जावई नको. तो वाजवतो की कोंबड्या हाकलतो तेच कळत नाही."

निकानोरनं मारिंबाला हात लावून काही वर्षं झाली होती. क्रिसांतोशी तो बोलला नव्हता त्यालाही तेवढीच.

आमच्या सान तेलेस्फोरोत मारिंबा हे एकट्यादुकट्याचं काम नव्हे. लांबलचक लाकडी मेज, त्यावर लाकडाच्या पट्ट्या, प्रत्येक पट्टीखाली एक पोकळ पेटी, आणि पेटीच्या भोकावर काळ्या मेणानं चिकटवलेला डुकराच्या आतड्याचा पातळ पापुद्रा. सूर वाजला की तो पापुद्रा गुणगुणतो, आणि ती गुणगुण नसेल तर आमच्या म्हाताऱ्या तोंड वाकडं करून म्हणतात, ही मारिंबा मुकी आहे. वाजवणारे तिघं, एका रांगेत, कोपराला कोपर लावून उभे. डावीकडे खालचे सूर, ते चेपेचे. चेपे म्हणजे क्रिसांतोचा चुलतभाऊ, अंगानं दणकट, बोलायला फटकळ. मधली जागा क्रिसांतोची. आणि उजवीकडे वरचे सूर, जिथे खरं गाणं चालतं, ती जागा निकानोरची. मधल्यानं काय करायचं, तर उजवीकडचं कोपर कुठं जातंय ते अंगानं ओळखायचं आणि त्याच्या पायाखाली वाट घालत जायची. क्रिसांतोला त्याकरता कधी मान वळवावी लागली नाही.

क्रिसांतो आणि निकानोर लहानपणापासून एकमेकांच्या उष्ट्यावर वाढलेले. पुढे क्रिसांतोच्या मुलीला बाप्तिस्म्याला निकानोरनं हातांवर धरलं आणि दोघं एकमेकांचे कोंपाद्रे झाले. हे नातं आमच्याकडे सख्ख्या भावापेक्षा काकणभर वरचं. कालपर्यंत शिव्या देऊन बोलणारी माणसं त्या दिवसापासून 'तुम्ही' म्हणू लागतात. दोमितिला निकानोरची कोमाद्रे झाली, आणि तिनं ते नातं आपल्या नवऱ्यापेक्षा चांगलं निभावलं, हेही सांगून टाकतो.

आता मारिंबा आणि कुशा यांची फारकत आमच्या गावात कोणी पाहिलेली नाही. कुशा म्हणजे घरी मक्यापासून गाळलेली दारू, घशातून उतरताना वाट जाळत जाणारी. लग्न असो, संताचा उत्सव असो, यजमान बाटली घेऊन येतो आणि एकाच पेल्यानं तिघा वाजवणाऱ्यांना पाजतो. क्रिसांतो थोडक्यावर थांबायचा. चेपे प्यायला की हसायचा आणि झोपायचा. निकानोर थांबायचा नाही. आधी उत्सवापुरतं, मग उत्सवानंतर, मग उत्सव नसतानाही. शेवटी एकदा तो ओढ्याकाठी सापडला, तोंड सुजलेलं, रक्त ओकत. दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी त्याच्या बायकोला, उबाल्दाला, स्पष्टच सांगितलं, की हे असंच चाललं तर वर्षही जायचं नाही.

उबाल्दानं मग काय केलं, तर नवऱ्याला हाताला धरून वरच्या आळीतल्या, दारू आणि संतांचे उत्सव न मानणाऱ्या नव्या पंथाच्या प्रार्थनाघरात नेलं. तिथले लोक एकमेकांना बंधू म्हणतात; ते पाळीपाळीनं त्याच्याजवळ बसले. तो थरथरला, ओरडला, भिंतींवर नसलेले किडे मारत सुटला, पण त्यांनी त्याला सोडलं नाही. देवाची करणी म्हणा नाहीतर माणसांची चिकाटी म्हणा, निकानोर सुटला. आणि त्यानं दारूबरोबर मारिंबाही सोडली.

इथं क्रिसांतोचं डोकं फिरलं. त्यानं भर बाजारात निकानोरला गाठून विचारलं, दारू सोडलीत ते झ्याक केलंत, पण आम्हाला कशाला सोडलंत? निकानोर खाली बघत म्हणाला, की मला ही दोन्ही वेगळी करता येत नाहीत, वाजवायच्या काठ्या हातात घेतल्या की घसा कोरडा पडतो. तेवढ्यावर थांबला असता तर क्रिसांतो कसला. तो म्हणाला, "तसं नाही, कोंपाद्रे. तुम्ही बायकोच्या घागऱ्यामागे लपलात." भाजीवाल्या बाया हसल्या. निकानोरनं टोपी डोक्यावर ठेवली आणि निघून गेला. त्या दिवसापासून दोघांची तोंडं दोन दिशांना. दोमितिला मात्र सणासुदीला मक्याच्या उकडीचे तमाल केळीच्या पानात बांधून मागच्या दारानं उबाल्दाकडे पोचवायची आणि घरी येऊन नवऱ्याला ऐकवायची, "तुमचं काय ते भांडण तुमच्यापाशी ठेवा. माझं कोणाशी काही वाकडं नाही."

तर अशी सगळी गत असताना त्या सकाळी क्रिसांतो वरच्या आळीला चालत गेला. दार उबाल्दानं उघडलं. दोमितिला गेल्याचं ऐकून तिनं त्याला अंगणात बसवलं आणि स्वतः चुलीशी जाऊन खूप रडली. गावातून तिच्या दारी येणारी ती एकच मैत्रीण होती. पण क्रिसांतोनं यायचं कारण सांगितलं तसे तिनं डोळे पुसले आणि चक्क नाही म्हणाली.

"कोमाद्रेसाठी मी स्वतः खांदा देईन," ती म्हणाली. "पण हा माणूस मी कुठून उचलून आणलाय ते तुम्ही बघितलेलं नाही. तुम्ही तेव्हा फिरकला नाहीत, आणि नंतर रुसून बसलात."

 क्रिसांतो उठलाच होता, तेवढ्यात निकानोर आतून बाहेर आला. अंगावर धुतलेला सदरा होता आणि टोपी हातात होती, म्हणजे त्यानं सगळं ऐकून मनाशी ठरवलेलंच होतं. म्हणाला, की फक्त थडग्याशी वाजवीन, तिच्या आवडीचं एकच गाणं, आणि तिथून सरळ घरी येईन. बंधूंना काय सांगायचं ते माझं मी बघेन.  उबाल्दा क्रिसांतोकडे वळली.

"कोंपाद्रे, नेताय तसा परत आणा."

"माझ्यावर सोडा," क्रिसांतो म्हणाला. आणि त्या घडीला तो अगदी मनापासून बोलत होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी शवपेटी टेकडीवरच्या स्मशानात नेली. मारिंबा चौघांनी उचलून चढवली. सगळा गाव लोटला होता. प्रार्थनाघरातले काही लोक कुंपणाच्या भिंतीबाहेर उभे होते, कारण आपला बंधू निकानोर आत काय करतोय हे त्यांना बघायचं होतं. चेपे डावीकडे, क्रिसांतो मध्ये. उजवीकडच्या जागेशी आल्यावर निकानोर थोडा घुटमळला. मग त्यानं काठ्या उचलल्या.

वाटलं होतं, हात गंजले असतील. कसले गंजतात. पहिल्या काही सुरांत जरा अडखळला, आणि पुढं असा सुटला की रडणाऱ्या बायांनी रडणं थांबवून ऐकलं. क्रिसांतोच्या कोपराला त्याचं कोपर लागलं, आणि चेपेच्या जावयाबरोबर इतकी वर्षं आंधळ्यासारखा चाचपडणारा क्रिसांतो एकदम वाटेवर आला. कधी थांबायचं, कधी सरकायचं, काही सांगावं लागेना. बायको समोर मातीत चाललीय आणि आपल्याला सुख होतंय, याची त्याला लाज वाटली. पण सुख होत होतं, ते खोटं कशाला सांगायचं. डोळ्यांतून पाण्याची धार लागलेली आणि हात चालूच.

आता पुढचं सांगायला जीभ रेटत नाही, पण सांगावं तर लागेल.

आमच्या गावाची रीत अशी, की थडग्याशी गाणं संपलं की ज्याच्या घरचं माणूस गेलं त्यानं स्वतःच्या हातानं वाजवणाऱ्यांना कुशा द्यायची. पेला एकच. सुरुवात खालच्या सुरांपासून करायची आणि रांगेनं वरपर्यंत जायचं, मध्ये कोणाला गाळायचं नाही. तो पेला मेलेल्या माणसाच्या वतीनं आभार म्हणून असतो, आणि एखाद्याला गाळलं तर मेलेल्याचे आभार त्याच्यापुरते द्यायचे राहिले असं होतं. एरवी दुःखवाला वेगळा असतो आणि वाजवणारे वेगळे. इथं क्रिसांतो दोन्ही होता. मेहुण्यानं त्याच्या हातात बाटली आणि पेला दिला. त्याचं डोकं जाग्यावर नव्हतं. त्यानं चेपेला पाजलं, स्वतः प्यायला, आणि जन्मभराच्या सवयीनं पेला भरून उजवीकडे वळला.

हात पुढं झाल्यावर त्याला कळलं.

सगळा गाव बघत होता. दुःखवाल्यानं पुढं केलेला पेला मागं घेतलेला आमच्यात कोणी बघितलेला नाही. क्रिसांतोला हात मागंही घेववेना आणि पुढंही नेववेना. त्याचं तोंड पांढरंफटक पडलं. निकानोरनं त्या पेल्याकडे बघितलंच नाही, त्यानं क्रिसांतोच्या तोंडाकडे बघितलं. तो नाही म्हणाला असता तर कोणी त्याला खाल्लं नसतं. पण आपल्या कोंपाद्रेची बायकोच्या थडग्यापाशी चारचौघांत शोभा झाली असती, आणि ते त्याला बघवलं नाही. त्यानं पेला घेतला.

"कोमाद्रेच्या नावानं," तो म्हणाला आणि प्यायला.

भिंतीपलीकडचे बंधू एकेक करून निघून गेले. क्रिसांतोनं बाटली मेहुण्याच्या हातात कोंबली आणि निकानोरला धरून घरी न्यायला वळला, तर निकानोर हसून म्हणाला, की अहो, काही होत नाही, एकानं काय होतंय. संध्याकाळी क्रिसांतोच्या घरी जमलेल्या माणसांत कोणीतरी त्याला दुसरा दिला. तिसरा त्यानं मागून घेतला. क्रिसांतोनं त्याला घरी पोचवलं तेव्हा तो चांगलाच झोकांड्या खात होता. उबाल्दानं दार उघडलं, नवऱ्याला आत घेतलं आणि क्रिसांतोच्या तोंडावर दार लावून घेतलं.

पुढच्या रविवारी निकानोर सकाळीच क्रिसांतोच्या घरी हजर. टोपी मागं सारलेली, डोळे लाल. म्हणाला, चेपेला बोलवा, हात सैल करू. क्रिसांतोनं त्याला परत पाठवायला हवं होतं. पण घर रिकामं होतं, लेक सासरी गेलेली, चूल कधी पेटायची कधी नाही, आणि हा माणूस काठ्या घेऊन दारात उभा. त्यानं चेपेला हाक मारली.

आणि मग आमच्या गावानं जी मारिंबा ऐकली ती पूर्वी कधी ऐकली नव्हती. शेजारच्या गावांतून बोलावणी येऊ लागली. लोक म्हणायचे, दोमितिला जाताना या तिघांना जोडून गेली. चेपे तर हवेतच होता. क्रिसांतो मनाची समजूत घालायचा, की मी त्याला पाजत नाही, माझ्या घरी थेंब नाही, मी यजमानांना बजावून ठेवतो. सगळं खरं. पण यजमान पाजायचे, नाहीतर कोपऱ्यावरचा गुत्ता होताच. क्रिसांतो रात्री अंथरुणावर पडला की त्याला कळायचं, आपण स्वतःला फसवतोय. सकाळी मारिंबाशी उभं राहिलं की परत विसरायचा.

काही महिन्यांत निकानोरचं पोट सुजलं. पाय सुजले. काठी सुरावर पडायच्या ऐवजी दोन पट्ट्यांच्या मध्ये पडू लागली. क्रिसांतो ते झाकायला आपले सूर मोठे करायचा. ऐकणाऱ्यांना कळत नव्हतं. क्रिसांतोला कळत होतं, कारण त्याच्या कोपराला लागलेलं कोपर आता कुठंच जात नव्हतं, नुसतं टेकलेलं असायचं.

एक दिवस उबाल्दा आली. ती भांडेल असं क्रिसांतोला वाटलं होतं, आणि ती भांडावी अशी त्याची इच्छाही होती. ती बाकावर बसली. खोलीच्या मध्ये मारिंबा उभी होती, तिच्याकडे बघत बसली. मग म्हणाली, की मागल्या वेळी बंधू होते, माझ्या अंगात बळ होतं, आणि त्याच्यातही जीव होता. आता डॉक्टरीणबाई म्हणतात, या खेपेला सावरला तर सावरला, पुन्हा नाही. मी दार लावते, तर तो खिडकीतून पळतो. कुठं येतो? इथं.

"त्याला दारू बोलवत नाही, कोंपाद्रे," ती म्हणाली. "त्याला तुम्ही बोलवता. दारू इथून सुरू होते."

क्रिसांतो म्हणाला, "मी नाही म्हटलं तर तो दुसरीकडे वाजवेल."

"कोणाबरोबर?" उबाल्दानं विचारलं.

याचं उत्तर दोघांनाही ठाऊक होतं. निकानोरनं दुसऱ्या कोणाबरोबर कधीच वाजवलं नव्हतं.

मारिंबा क्रिसांतोच्या बापाची. त्याच आठवड्यात त्यानं डोंगरापलीकडच्या खोऱ्यातल्या एका शाळेला ती देऊन टाकली, फुकट. चेपेला हे ट्रकमध्ये मारिंबा चढवतानाच कळलं. तो रस्त्यात उभा राहून बोलेल तेवढं बोलला, तुला बायको मेल्यापासून वेड लागलंय, माझ्या जन्माचं वाटोळं केलंस, इथपर्यंत. क्रिसांतोनं मेजाचं एक टोक उचललं आणि म्हणाला, "बोल हवं तेवढं, पण दुसरं टोक धर." चेपेनं शिव्या घालत धरलं. नंतर तो खालच्या गावातल्या दुसऱ्या मंडळीत वाजवायला लागला आणि क्रिसांतोच्या अंगणात परत कधी आला नाही.

रविवारी निकानोर आला. मोकळ्या खोलीच्या दारातच तो थांबला.

"कुठंय?"

"दिली."

"कोणाला?"

"लांब. तुम्ही नका जाऊ तिकडं. पोरं शिकतील तिच्यावर."

निकानोर मटकन बाकावर बसला. मग विचारू लागला, का, का दिली? क्रिसांतोच्या ओठांवर खरं उत्तर आलेलं होतं. तुमच्यासाठी दिली, एवढं म्हटलं असतं की झालं. पण तो या माणसाला पुरता ओळखून होता. निकानोरनं लगेच शपथ घातली असती, की कोंपाद्रे, उद्यापासून थेंबाला शिवणार नाही, चला, परत आणू. आणि क्रिसांतोनं विश्वास ठेवला असता. डोंगर ओलांडून ती मारिंबा पाठीवर घेऊन आला असता. म्हणून तो म्हणाला, की मला कंटाळा आला. दोमितिला गेली, आता कशाला ते वाजवणं. आणि तुमचे हातही पहिल्यासारखे राहिले नाहीत.

हे शेवटचं वाक्य त्यानं मुद्दाम घातलं. ते लागायला हवं होतं आणि लागलं. निकानोरच्या तोंडावरचं रक्त उतरलं.

"ती एकच जागा होती माझी," तो म्हणाला. "तुम्ही तीही विकलीत."

"होय," क्रिसांतो म्हणाला.

निकानोर थुंकला नाही, ओरडला नाही. उठून भिंतीला धरत धरत बाहेर गेला. क्रिसांतो त्या रिकाम्या खोलीत संध्याकाळपर्यंत बसून होता आणि त्यानं त्या दिवशी काही खाल्लं नाही.

हे औषध लगेच लागू पडलं असं नाही. निकानोर आणखी काही दिवस गुत्त्यासमोर लोळला. पण वाजवायला जागा नव्हती, यजमान नव्हते, वाहवा नव्हती. नुसती दारू उरली, आणि नुसत्या दारूचा त्याला वीट आला. उबाल्दानं परत बंधूंचे पाय धरले, बंधू परत पाळीनं बसले. क्रिसांतोला हे सगळं बाजारात कानावर यायचं. तो कोणाला विचारायचा नाही. माणसं त्याच्यासमोर मुद्दाम म्हणायची, की कोंपाद्रे असून एकदा बघायलाही गेला नाही, काळजाच्या जागी दगड आहे नुसता. तो कांदे निवडत राहायचा.

नोव्हेंबरात मृतांच्या सणाला सगळा गाव टेकडीवर गेला. थडग्यांवर पिवळी फुलं, पाइनची पानं, मक्याची कणसं. खालच्या गावची मारिंबा आणली होती, चेपे तिच्यावर होता. क्रिसांतो दोमितिलाच्या थडग्याशी एकटाच बसला होता. तिथून भिंतीपलीकडची वाट दिसते. प्रार्थनाघरातले लोक हा सण पाळत नाहीत, ते आपल्या सभेला त्याच वाटेनं वर चढत होते. त्यांच्यात निकानोर होता. पोट उतरलं होतं. अंगावर पांढरा सदरा, काखेत बायबल, आणि तो चढ कोणाचा हात न धरता चढत होता.

क्रिसांतो उभा राहिला. त्यानं टोपी काढली.

निकानोरनं त्याला बघितलं. ते अंतर काही फार नव्हतं, न दिसण्याचा प्रश्नच नव्हता. त्यानं मान सरळ केली आणि पुढं गेला. उबाल्दा त्याच्या मागून येत होती. तिनं नवऱ्याच्या पाठीआड, कोणाला दिसणार नाही अशा बेतानं, क्रिसांतोकडे बघून छातीवर हात ठेवला, आणि तीही गेली. पलीकडे चेपेच्या मंडळींनी गाणं सुरू केलं. वरचे सूर कोणी परका वाजवत होता, बरा वाजवत होता.

क्रिसांतो परत खाली बसला. त्यानं थडग्यावरची विस्कटलेली फुलं सारखी केली.

"दोमी," तो हळूच म्हणाला, "तुझे कोंपाद्रे दिसले आत्ता. बोलले नाहीत. पण बरे आहेत गं. चांगले बरे आहेत."